कात्रीने कापलेलं जाळं

बेटावर सगळे तिला सुईवाली म्हणत. चपटी सुई आणि दोऱ्याचं रीळ घेऊन तिने चाळीस वर्षं फाटकी जाळी शिवली. आधी नवऱ्याची, मग दिराची, मग अर्ध्या गावाची. आता गावातल्या होड्या पर्यटकांना फिरवतात, तिच्या मुलाचीसुद्धा. घरातल्या दोन खोल्या पाहुण्यांना दिल्या आहेत आणि सून चादरी धुऊन धुऊन मेटाकुटीला आली आहे.

व्हरांड्यात तिला बसवलं सुनेनेच. "आई, तुम्ही नुसत्या शिवत बसा. पाहुण्यांना बघायला, फोटो काढायला आवडतं." रोज सकाळी सून जुनं जाळं आणून ठेवी, त्याला एखादं भोक असे. हाताला काम मिळालं म्हणून सुईवाली खूश होती.

आठवड्याने भोकाच्या कडेवर तिचं बोट अडलं. खडकाला लागून फाटलं तर धागा पिंजतो. मोठ्या माशाने तोडलं तर शेजारच्या गाठी ओढल्या जातात. इथे सगळे धागे एका रेषेत, गुळगुळीत.

"अगं, हा कुठला मासा? कात्री घेऊन पोहतो वाटतं."

सून कांदा चिरायची थांबली. "मीच कापते. फाटकी जाळी आणू कुठून? तुम्ही बसता म्हणून खोल्या भरतात, आई."

"म्हणजे मी कामाचं सोंग करते."

"आणि मी दिवसभर हसत असते, ते काय खरं असतं?"

सुईवालीने सुई खाली ठेवली. दोन दिवस ती व्हरांड्यात फिरकलीही नाही. तिसऱ्या दिवशी धाकट्या दिराकडे गेली. गावात मासे धरायला अजून तो एकटाच जाई.

"भाऊजी, जाळं फाटलं की काय करता?"

"नवीन आणतो. तुम्ही तर फोटोवाल्या झालात ना, वहिनी?"

"या खेपेला फाटलं की माझ्याकडे टाका."

दुसऱ्याच सकाळी त्याने नुकत्याच पुसलेल्या फरशीवर ओलं जाळं ओढत आणलं. शेवाळ, खवले, वास. दोन पाहुणे चहाचे कप घेऊन आत गेले. तिसरा नाक दाबून फोटो काढत राहिला.

सून दारात आली. फरशीकडे बघितलं, सासूकडे बघितलं.

"संध्याकाळी भाऊजींची होडी जायची आहे," सुईवाली म्हणाली. "हे टोक धर."

"खोल्या रिकाम्या पडल्या तर तुमच्या मुलाला तुम्हीच सांगा."

"सांगेन."

सुनेने पदराला हात पुसले आणि टोक धरून समोर बसली.

"घट्ट. ढिलं धरलंस की गाठ चुकते."