चालत्या गाडीतली सही

तिला सगळे कंडक्टरबाई म्हणत. नोकरी संपून नऊ वर्षं झाली होती, खांद्यावरची चामड्याची पिशवी डेपोत जमा झाली होती, पण नाव जमा करून घ्यायला कोणी आलं नाही. आता ती घराच्या खालच्या दोन खोल्यांत पाळणाघर चालवायची, आणि तेही अगदी बससारखं. दारात घुटमळणाऱ्या मुलाला "पुढे सरक, आत जागा आहे" हे ऐकावंच लागे. दुपारच्या चटया दोन-दोनच्या रांगेत, मधून चालायला वाट. रडणाऱ्याला खिडकीची जागा. ही शेवटची युक्ती तिची स्वतःची होती आणि तिचा तिला भारी अभिमान होता. खिडकी मिळालेला माणूस, दोन वर्षांचा असो की साठ वर्षांचा, फार वेळ रडत नाही, हे ती तीस वर्षांच्या अनुभवावरून सांगायची.

मुलं बारा होती. पाच जणांचे आईबाप फी स्वतः भरत. उरलेल्या सात जणांच्या घरी हातावर पोट. त्यांची फी सरकारची बाल आणि युवा योजना परस्पर पाळणाघराला द्यायची. या सातांत चार अगदी लहान आणि तीन शाळा सुटल्यावर येणारी मोठी. महिन्याला टपालानं चेक यायचा, ती तो बँकेच्या पेटीत टाकून यायची आणि विसरून जायची.

मग एक दिवस चेकऐवजी पत्र आलं. सुनेनं ते मोठ्यानं वाचलं. ही सून पाळणाघरात तिच्या जोडीला असे. पुढच्या महिन्यापासून चेक बंद, पैसे थेट खात्यात. त्यासाठी सोबतचा फॉर्म भरायचा, खातं आणि सही खरी आहे असा बँकेचा शिक्का घ्यायचा आणि पंचवीस तारखेपर्यंत योजनेच्या कार्यालयात द्यायचा. ज्यांचा फॉर्म येणार नाही त्यांच्याकडची योजनेची मुलं दुसऱ्या केंद्रात हलवली जातील. हे दुसरं केंद्र शहराच्या दुसऱ्या टोकाला होतं. जायला दोन बस बदलाव्या लागत.

"चेक येतोय तोवर चेक, खात्यात येईल तर खात्यात," कंडक्टरबाई म्हणाली. एवढ्याशा कागदाला घाबरेल तर ती कंडक्टरबाई कसली. तिनं दुसऱ्याच दिवशी फॉर्म सुवाच्य अक्षरात भरला, सुनेला दोनदा तपासायला लावला आणि सकाळी सकाळी बँक गाठली.

खिडकीमागे एक तरुण कारकून होता. माणूस वाईट नव्हता, फक्त नियमाच्या रेषेवरून एक पाऊल इकडेतिकडे न टाकणारा. तिनं त्याच्यासमोर खुर्चीत बसून सही केली. त्यानं ती पाहिली, मग संगणकात पाहिलं, पुन्हा सही पाहिली.

"आजी, सही जुळत नाही."

"आजी मी मुलांची. आणि न जुळायला काय झालं?"

त्यानं संगणकाचा पडदा तिच्याकडे वळवला. खातं उघडताना दिलेली नमुन्याची सही तिथं होती. पहिलं अक्षर उंटाच्या पाठीसारखं वर आलेलं, मधली अक्षरं एकदम खाली घसरलेली, आणि शेवटची रेघ चौकट सोडून पार कोपऱ्यापर्यंत पळालेली. तिची आताची सही म्हणजे शाळेतल्या हुशार मुलीचं शुद्धलेखन होतं. कंडक्टरबाई जे मनात येईल ते बोलून मोकळी होणारी. तिनं पडदा पाहिला आणि म्हणाली, "ही माझी सहीच नाही."

बँकेत म्हणू नये असं एकच वाक्य असेल तर ते हेच. कारकून खुर्चीत ताठ झाला. मग खातं कोणाचं, इथपर्यंत गोष्ट गेली. तिनं ओळखपत्र दाखवलं, पेन्शनचे कागद दाखवले, तेव्हा ती तीच आहे एवढं मान्य झालं. पण ती तीच असून भागत नव्हतं, सही तीच हवी होती. मग नवी सही नोंदवून घ्या, ती म्हणाली. नोंदवता येईल, तो म्हणाला, पण त्या अर्जावर जुनी सही लागते.

"जुनी येत असती तर नवी कशाला मागितली असती रे?"

कारकुनानं यावर विचार केल्यासारखं केलं आणि नियम आहे असं सांगितलं. मॅनेजरनंही तेच सांगितलं, फक्त जास्त गोड आवाजात. दुसऱ्या बँकेत खातं उघडायला तीन आठवडे लागणार होते आणि हातात नऊ दिवस होते. घोडं तिथंच अडलं.

घरी येऊन तिनं सरावाला सुरुवात केली. मुलांच्या चित्रांच्या पाठीमागच्या कोऱ्या बाजूवर ती आठवून आठवून ते उंटाचं अक्षर काढायची. उंट व्हायचा, पण शेपूट यायचं नाही. शेपूट आलं की उंटाचं गाढव व्हायचं. सून म्हणाली, "आई, स्वतःच्याच सहीची नक्कल करणाऱ्या तुम्ही पहिल्याच." कंडक्टरबाईला हसू आलं, पण ते फार टिकलं नाही. दोन दिवसांनी ती पुन्हा बँकेत गेली, खुर्चीत बसून श्वास रोखून सही केली. कारकून म्हणाला, ही केलेली नाही, काढलेली दिसते. आता एकच संधी उरली होती. तिसऱ्यांदा चुकली तर संगणक खातं पंधरा दिवस बंद करणार होता.

तिनं योजनेच्या मॅडमना फोन केला. त्या नीट बोलल्या, पण तारीख संगणकानं ठरवलेली होती आणि पालकांना पत्रं आधीच गेली होती.

त्या पत्राचा अर्थ तिला संध्याकाळी कळला. सातांतली सगळ्यात लहान मुलगी तीन वर्षांची. तिला सगळे बटण म्हणत, कारण झोपताना तिला कोणाच्या तरी कपड्याचं बटण धरायला लागे. तिची आई औषधांच्या कारखान्यात बाटल्यांवर लेबलं लावायची आणि बटणला एकटीच सांभाळायची. ती पत्र घेऊन दारात उभी राहिली. तक्रार नाही, काही नाही.

"तिकडे हिला सोडून कामावर पोचायला मला साडेआठ होतात, बाई. आमचं गेट सातला बंद होतं. मी काम सोडतेय. तुम्ही मनाला लावून घेऊ नका."

या बाईनं ते काम मिळवायला काय काय केलं होतं ते कंडक्टरबाईला माहीत होतं. आपल्या हातून एक सही होत नाही म्हणून दुसरीची नोकरी जाणार, याची तिला भयंकर लाज वाटली. तीस वर्षांत तिनं एका माणसाला अर्ध्या रस्त्यात उतरवलं नव्हतं.

पंचवीस तारीख उजाडली. सकाळी ती गेली नाही. हे काम आहे, ते काम आहे, म्हणत तिनं दुपार केली. खरं सांगायचं तर ती घाबरली होती. शेवटी साडेतीनला सुनेनं फॉर्म तिच्या हातात दिला. बँक आणि योजनेचं कार्यालय दोन्ही पाचला बंद व्हायची आणि मोठी मुलंही शाळेतून आली होती. एका माणसामागे नऊपेक्षा जास्त मुलं नकोत असा पाळणाघराचा नियम. बारा मुलं सुनेवर टाकून जाता येत नव्हतं, निदान तिघांना न्यावंच लागणार होतं. कंडक्टरबाईनं सातही घेतली. ज्यांचं काम आहे त्यांनी यावं, असं तिचं म्हणणं.

हात धरून सगळे बसमध्ये चढले. गर्दी होती. बटणला कडेवर घेऊन ती उभी राहिली आणि सवयीनं तिची नजर कंडक्टरकडे गेली. तो कोवळा पोरगा होता. दांड्याला पाठ टेकून, पाय फाकवून, डाव्या हाताच्या पंज्यावर पुठ्ठा धरून तो तिकिटांचा तक्ता भरत होता. गाडी वळली. त्याचं पेन वर उडालं, मग खाली घसरलं, आणि आकड्याची शेपटी कागदाच्या कडेपर्यंत गेली.

कंडक्टरबाईनं ते पाहिलं आणि तिला सगळं आठवलं. पगार बँकेत जमा व्हायचा ठरला ते वर्ष. गाडी सुटता सुटता डेपोच्या साहेबांनी हातात नमुन्याचं कार्ड कोंबलं होतं, संध्याकाळपर्यंत परत हवं म्हणून. तिनं ते धान्याच्या गोदामाजवळच्या वळणावर भरलं होतं, उभ्यानं, तिकिटाच्या पेटीवर टेकवून. त्यानंतर बँकेत तिची सही कोणी मागितलीच नव्हती. चेक भरायला ती लागत नसे आणि पैसे ती कार्डानं काढे.

"अगं बाई," ती बटणला म्हणाली, "मी घरी टेबलाशी बसून शोधतेय आणि ती राहिलीय रस्त्यावर."

बँकेत शिरली तेव्हा साडेचार झाले होते. कारकुनानं आधी तिला पाहिलं, मग रांगेनं आत येणारी मुलं मोजली आणि खुर्ची पुढे केली.

"खुर्ची नको. मी उभ्यानं करणार. तो पुठ्ठा दे जरा."

ती खोलीच्या मधल्या खांबाला पाठ टेकून उभी राहिली. पाय फाकवले. पुठ्ठा डाव्या हातावर, त्यावर फॉर्म. मग तिनं मुलांना जागा वाटून दिल्या. मोठ्या तिघांनी दोन्ही बाजूंनी कंबर धरायची, छोट्या चौघांनी पाय. सगळ्यांना बसखेळ घरचाच होता, समजवावं लागलं नाही. तिनं आवाज दिला तसा सात गळ्यांतून इंजिनाचा घरघराट सुरू झाला. रांगेतली माणसं वळून बघायला लागली. मॅनेजर काचेच्या खोलीतून बाहेर आला.

"जोरात हलवा रे," ती म्हणाली. "हा काय गुळगुळीत रस्ता आहे? खड्डे येऊ द्यात."

खड्डे आले. कंडक्टरबाई गदागदा हलत होती. तिनं डोळे पडद्यावर नेलेच नाहीत, उंट आठवला नाही, शेपूट आठवलं नाही. गुडघे आपोआप सैल झाले, पेन बोटांत जुन्या जागी बसलं. मोठ्यांतल्या एका मुलीनं "वळण" म्हणून ओरडून कंबर ओढली, त्याच क्षणी कंडक्टरबाईचा हात चालला.

मुलं थांबली. कारकुनानं फॉर्म घेतला, पडद्याशेजारी धरला आणि चष्मा काढून पुसला. रांगेतले चार लोक खिडकीत वाकले होते, त्यांना मागे जा म्हणायचं त्याला सुचलं नाही. पाठ वर, अक्षरं खाली, शेपूट पार कोपऱ्यापर्यंत. त्यानं दोनदा पाहिलं, कारण तो तसाच होता, आणि मग शिक्का उचलून असा दणकून मारला की टेबलावरच्या टाचण्या उडाल्या. बँकेत टाळ्या वाजल्या. मॅनेजरही वाजवत होता, गोड गोड हसत.

"आता हवी तर नवी सही नोंदवून घेऊ," कारकून म्हणाला. त्याचा आवाज मऊ झाला होता. "दर वेळी एवढी मुलं कुठून आणणार?"

"राहू दे. मुलांची मला कमी नाही."

योजनेचं कार्यालय तीन चौक पुढे होतं. पाचाला सात मिनिटं कमी असताना फॉर्म मॅडमच्या टेबलावर पोचला. मॅडमनी तो संगणकात चढवला, पोच दिली आणि समोर दमून जमिनीवर बसलेली सात मुलं पाहून विचारलं, हीच का ती. कंडक्टरबाई म्हणाली, हीच. तेव्हा मॅडमनी मुलांच्यादेखत केंद्र बदलायची यादी उघडून सातही नावं एकेक करून काढली.

संध्याकाळी बटणची आई तिचे जादाचे कपडे न्यायला रिकामी पिशवी घेऊन आली. कंडक्टरबाईनं पिशवी घडी करून तिच्या हातात परत दिली आणि झालं ते सांगितलं. राजीनामा दिलास का, असं तिनं विचारलं. उद्या द्यायचा होता, आई म्हणाली, आणि पिशवी छातीशी धरून पायरीवर बसली, रडायला लागली. बसमध्ये कित्येक भांडणं अंगावर घेतलेली कंडक्टरबाईही मग तिच्या शेजारी बसून मोकळेपणानं रडली. सून दोघींना पाणी देऊन आत गेली.

पुढच्या महिन्याच्या पाच तारखेला पहाटेच सुनेच्या हातातला फोन वाजला. पैसे जमा झाल्याचा निरोप होता, थेट खात्यात. सून तो वाचून दाखवत दारापर्यंत आली, पण कंडक्टरबाईचं तिकडे लक्ष नव्हतं. सहा वाजून वीस मिनिटं झाली होती. कोपऱ्यावरून बटणची आई तिला कडेवर घेऊन पळत येत होती. तिनं मुलगी कंडक्टरबाईच्या हातात दिली. बटणनं लगेच तिच्या स्वेटरचं बटण पकडलं, आणि आई मागे वळूनही न बघता सातच्या गेटकडे धावली.