बावीसपैकी बावीस

गुनवोर आल्मे या स्वीडिश बाईंनी पद्माकरला नोकरी दिली ती एका रेघेवरून. १९८५ साली मँचेस्टरच्या मराठी मंडळाचं गणेशोत्सवाचं पोस्टर त्यानं हातानं रंगवून लायब्ररीच्या नोटीसबोर्डावर लावलं होतं. मंडळाचं म्हणणं, गणपती जरा वाळलेला आलाय. बाईंना गणपती दिसलाच नाही. त्यांना दिसली अक्षरांच्या डोक्यावरची रेघ. खाली दिलेल्या नंबरावर फोन करून त्यांनी विचारलं, "ही आडवी रेघ पट्टीनं मारली की हातानं?"

"हातानं," पद्माकर म्हणाला, आणि आपलं काही चुकलं असावं म्हणून पुढे "सॉरी" जोडलं.

"मग सोमवारी या."

पद्माकरला हा फोन देवासारखा वाटला, कारण त्याची बायको सुप्रभा इस्पितळात भूल देणारी डॉक्टर होती आणि तो घरी होता. मंडळात कुणी "आणि तुम्ही काय करता?" असं विचारलं की तो समोसे आणायला उठायचा. विट्याच्या शाळेत चित्रकलेत पहिला, कोल्हापूरला कमर्शियल आर्टचा डिप्लोमा, आणि मँचेस्टरला 'डॉक्टरबाईंचे मिस्टर' अशी त्याची एकूण प्रगती होती.

बाईंचा स्टुडिओ म्हणजे एका गालिच्यांच्या दुकानावरच्या दोन खोल्या. भिंतीवर चित्र नाही, टेबलावर धूळ नाही, आणि खायला पुठ्ठ्यासारखी कुरकुरीत भाकरी, तीही वर काही न लावता. बाई साठीला टेकल्या होत्या. उजव्या हाताला कंप सुटला होता. डोक्यात सरळ असलेली रेघ कागदावर उतरताना नागमोडी व्हायची, म्हणून त्यांना दुसऱ्याचा हात हवा होता. पद्माकरचं नाव मात्र त्यांनी तीन दिवस घोकून नीट म्हणायला शिकून घेतलं. "माझं नाव इथे पंचवीस वर्षं कुणी धड घेतलं नाही," त्या म्हणाल्या, "आपण दोघांनी तरी एकमेकांना त्रास देऊ नये."

त्यांचं मागचं आयुष्य पद्माकरला तुकड्यातुकड्यानं कळलं, तेही कॉफीच्या वेळात. वडील स्वीडनच्या उत्तरेत एका छापखान्यात खिळे जुळवायचे. पन्नासच्या दशकात तिथल्या इस्पितळात फिनलंडचे लाकूडतोडे भरती व्हायचे, त्यांना स्वीडिश वाचता येत नसे. पाय मोडलेला माणूस डोळ्यांच्या डॉक्टरपुढे रांगेत बसलेला बाईंनी पाहिला आणि त्या पाट्यांवर चित्रं काढायला लागल्या. हाड, डोळा, पाळणा, बाण. त्या भागात असं आधी कुणी केलं नव्हतं. पुढे स्टॉकहोमच्या एका समितीनं ती चित्रं उचलून अहवाल छापला. अहवालात सहा पुरुषांची नावं होती आणि बैठकांना खोली देणाऱ्या हॉटेलाचे आभार होते. बाईंचं नाव नव्हतं. मग एका इंग्रज इंजिनिअरशी लग्न करून त्या मँचेस्टरला आल्या. इंजिनिअर यथावकाश एकटाच कॅनडाला गेला.

"मग तुम्ही परत का नाही गेलात?" पद्माकरनं विचारलं होतं.

"या खोलीला उत्तरेचा उजेड आहे," बाई म्हणाल्या. विषय संपला.

बाईंची कामाची पद्धत पद्माकरला पहिल्यांदा वेडेपणाची वाटली. चित्र पूर्ण झालं की त्या ते अनोळखी माणसांपुढे ठेवायच्या आणि माणसं चुकायची वाट बघायच्या. कोण कुठे चुकलं ते वहीत लिहायच्या. बरोबर उत्तर देणाऱ्याला नुसती कॉफी मिळायची. चुकणाऱ्याला कॉफी, केक आणि अर्ध्या तासाचे प्रश्न.

१९८८ साली शहरातल्या एका मोठ्या इस्पितळाचं काम आलं. नवी ओपीडी बांधली होती आणि येणारे निम्मे म्हातारे इंग्रजी न वाचणारे. पाट्या चित्रांच्या हव्या होत्या. काम जमलं तर त्याचं पुस्तक निघणार होतं, बाकीची इस्पितळं तेच वापरणार होती आणि मुखपृष्ठावर बाईंचं नाव येणार होतं. बाई बासष्ट वर्षांच्या होत्या. पुढचं असं काम येईपर्यंत हात पेन्सिल धरेल याची खात्री त्यांना नव्हती, आणि हे त्यांनी पद्माकरला अगदी हवापाण्याच्या सुरात सांगितलं.

"मला वीस-बावीस म्हातारी माणसं हवीत," त्या म्हणाल्या. "इंग्रजी अजिबात नको. तुमच्या मंडळात आहेत ना?"

मंडळात अशी माणसं पैशाला पासरी होती. मुलांकडे आलेले आईवडील, थंडीत स्वेटरवर स्वेटर घालून दिवसभर खिडकीत बसणारे. त्यांचे पुढारी म्हणजे श्रीनिवासराव, साताऱ्याकडचे रिटायर्ड हेडमास्तर. स्वतःला इंग्रजी येत असल्यामुळे ते परीक्षेला बसणार नव्हते, पण बाकीच्यांना घेऊन येणार होते.

"म्हणजे बाई येऊन प्रश्न विचारणार?" मास्तरांनी चष्मा पुसत विचारलं.

"हो. पण तुम्ही काही करायचं नाही, मास्तर. जे वाटेल ते सांगायचं."

"जे वाटेल ते? अरे, बाहेरच्या बाई आपली माणसं तपासायला येणार आणि आपली माणसं जे वाटेल ते सांगणार? सोनवणे आजींना आंघोळीचा नळ कुठला गरम ते अजून कळत नाही. तू कागद दे इकडे."

इथे पद्माकरनं 'नाही' म्हणायला हवं होतं. पण तो ज्या शाळेत शिकला तिथे तपासणीचे साहेब येण्याआधी आठवडाभर उत्तरं घोकून घेतली जायची. येत असेल त्यानं उजवा हात वर करायचा, येत नसेल त्यानं डावा. म्हणजे साहेबांना सगळा वर्ग हुशार दिसतो. साहेबांपुढे शाळेची लाज राखणं हाच तिथे अभ्यासक्रम होता. शिवाय सोनवणे आजी बाईंपुढे चुकल्या असत्या तर चुकलं कोण असतं? मंडळ. आणि मंडळाला आणलं कोणी? त्यानं पिशवीतून चित्रांच्या झेरॉक्स काढल्या आणि मास्तरांच्या हातात दिल्या.

मास्तरांनी दोन रविवार वर्ग घेतला. "बाण वर म्हणजे?" "सरळ!" "जिना?" "नाही!" "कुठे बघायचं?" "नाकासमोर!" पोहे खाऊन सुट्टी.

परीक्षेच्या दिवशी बाईंनी हॉलमध्ये पाट्या टांगल्या आणि एकेकाला आत बोलावलं. एकेक जण पाटी बघायचा, बाईंना नमस्कार करायचा आणि योग्य दाराकडे चालू लागायचा. सोनवणे आजी तर पाटी बघण्याआधीच चालू लागल्या. बावीसपैकी बावीस. केक तसाच उरला.

परतताना गाडीत बाईंनी वही दोनदा चाळली. मग म्हणाल्या, "छत्तीस वर्षांत असं झालं नाही. या लोकांनी चित्रं आधी पाहिली होती का?"

"नाही," पद्माकर म्हणाला.

त्यानं हे फार पटकन म्हटलं. बाईंनी त्याच्याकडे पाहिलं, आणि विश्वास ठेवायचं ठरवलं. बासष्टाव्या वर्षी माणसाला एकदा तरी आपलं सगळं बरोबर आलंय असं वाटू शकतं.

८९च्या वसंतात पाट्या लागल्या. ऑक्टोबरात एका संध्याकाळी सुप्रभा घरी आली ती कोट न काढता खुर्चीवर बसली.

"एक गुजराती आजी. हार्ट क्लिनिकला जायचं होतं, तळमजल्यावर, समोरच्या कॉरिडॉरमध्ये. जिन्याशेजारी तुमचा बाण आहे, वर तोंड केलेला. त्या वर गेल्या. तिथे परत बाण. अशा तीन मजले चढल्या. तिसऱ्यावर पडल्या. हिप गेलंय. भूल मीच दिली. पद्माकर, तो बाण तुम्ही टेस्ट केला होता ना?"

"बावीस जणांवर," पद्माकर म्हणाला. ते खोटं नव्हतं, हीच त्यातली मोठी अडचण.

गावच्या पेपरात फोटोसकट बातमी आली. परदेशी बाईंची चित्रकला, असा सूर. इस्पितळानं आठवड्याभरात पाट्या उतरवल्या आणि ठळक इंग्रजी बोर्ड लावले, जे त्या आजींना मुळीच वाचता आले नसते. पुस्तकाचं नाव पुन्हा कुणी काढलं नाही.

बाई कुणावर चिडल्या नाहीत. चिडल्या असत्या तर पद्माकरला सोपं गेलं असतं. त्या वही उघडून बसायच्या. बावीस नावं, बावीस बरोबरच्या खुणा. "परीक्षा ठीक, बाण ठीक नाही," त्या स्वतःशी म्हणायच्या. "मग मला बघता येत नाही. आधीही येत नसेल. मग पहिली चित्रंसुद्धा..." हे वाक्य त्या पुरं करत नसत. पद्माकर समोरच्या टेबलावर रेघा मारत असायचा. आज सांगू, उद्या सांगू. बाईंना उगाच दुःख कशाला, असं कारण त्यानं शोधून काढलं होतं. भित्र्या माणसाला दुसऱ्याच्या दुःखाची फार काळजी असते.

मग स्टुडिओंमधून कॉम्प्युटर आले. हातानं सरळ रेघ मारणाऱ्या माणसाची किंमत शून्यावर आली. ९१ साली बाईंनी स्टुडिओ बंद केला आणि म्हाताऱ्यांसाठी बांधलेल्या कौन्सिलच्या एका फ्लॅटमध्ये गेल्या. पद्माकर एका कॅटलॉग छापणाऱ्या कंपनीत माउस हलवायला लागला. दर शनिवारी तो बाईंकडे जायचा, त्यांची पत्रं टाइप करून द्यायचा. सुप्रभाला ही त्याची माया वाटायची.

९५च्या मार्चमध्ये बाईंना स्वीडनहून पत्र आलं. तिथल्या एका डिझाइन-शाळेला जुन्या अहवालातली चित्रं मुळात कुणाची ते शोधून सापडलं होतं. सगळी मूळ चित्रं त्यांना संग्रहात ठेवायची होती, बाईंच्या नावानं.

"लिहा," बाई म्हणाल्या. हात आता इतका थरथरायचा की त्या तो मांडीखाली दाबून बसत. "आपल्या पत्राबद्दल आभारी आहे. माझी चित्रं ठेवू नयेत. माझी पद्धत चुकीची होती. बावीस माणसं बरोबर गेली आणि खरी बाई पडली. जी पद्धत हे सांगू शकत नाही ती विद्यार्थ्यांना दाखवू नये. लिहिलं?"

पद्माकरनं 'आभारी आहे'पर्यंत लिहिलं होतं.

"मी त्यांना आधी चित्रं दाखवली होती," तो म्हणाला.

बाईंनी मान वळवली.

"दोन आठवडे. मास्तरांनी सगळ्यांकडून पाठ करून घेतलं. मी झेरॉक्स दिल्या. ते चुकले असते तर... आमची लाज गेली असती."

"कुणापुढे?"

"तुमच्यापुढे."

बाईंचा चेहरा रागानं लाल होईल असं पद्माकरला वाटलं, तो तसाच राहिला. त्यांनी विचारलं, "त्या बाईंचं नाव काय?"

पद्माकरला माहीत नव्हतं. साडेपाच वर्षं तो स्वतःला दोष देत होता आणि त्यात पडलेल्या बाईंना जागाच राहिली नव्हती.

"मणिबेन," बाई म्हणाल्या. "बोल्टनच्या. पेपरात आहे. पुढच्या शनिवारी गाडी घेऊन या."

मणिबेनच्या मुलाचं बोल्टनमध्ये दुकान होतं आणि त्याच्यावरच घर. मणिबेन खिडकीशी वॉकर पुढ्यात घेऊन बसल्या होत्या. पाहुणे कशाला आले ते पद्माकरनं मोडक्या हिंदीत सांगितलं. सूनबाईंनी चहा ठेवला आणि सगळ्यांच्या वतीनं बोलून घेतलं. "अंकल, त्या दिवशी मी मांजीला म्हटलं होतं, मी गाडी पार्क करून येते, इथेच उभ्या राहा. पण यांना कुठे धीर! गेल्या चढत. तेव्हापासून आम्ही यांना एकटं सोडत नाही. देवळातसुद्धा नाही." मणिबेन खिडकीबाहेर बघत होत्या. हे त्यांनी पुष्कळदा ऐकलेलं दिसत होतं.

गुनवोरबाईंनी पिशवीतून तो बाण काढला. कागद हातात फडफडायला लागला तेव्हा त्यांनी तो मणिबेनच्या मांडीवर ठेवला. "यांना विचारा, हे बघून काय वाटतं."

पद्माकरनं विचारलं.

मणिबेननी चष्मा लावला, पाहिलं, आणि बोट छताकडे केलं. "ऊपर."

"बरोबर," बाई म्हणाल्या. "सांगा त्यांना. त्यांचं बरोबर होतं. चित्र चुकलं होतं, ते मी काढलं होतं. आणि ते चुकलंय हे तेव्हाच कळलं असतं, ते तुम्ही कळू दिलं नाहीत. हेसुद्धा सांगा."

पद्माकरनं तेही सांगितलं. मणिबेननी त्याच्याकडे पाहिलंच नाही. सुनेकडे बोट दाखवून त्या गुनवोरबाईंना म्हणाल्या, "इसको फिरसे बोलने को बोलो. ये रसोई में थी." सूनबाई चहाचा ट्रे घेऊन दारातच उभ्या होत्या. पद्माकरनं पुन्हा पहिल्यापासून सांगितलं. सूनबाईंनी ट्रे खाली ठेवला.

परतीच्या वाटेवर पद्माकर दोनदा माफी मागायच्या बेतात आला आणि दोनदा बाईंनी त्याला सिग्नल दाखवला.

फ्लॅटवर आल्यावर त्यांनी चित्रांचे तीन खोके टेबलावर मांडायला लावले. नकाराचं पत्र गेलं नव्हतं, खोके स्वीडनला जायचे होते. बाणाचा कागद वर ठेवला आणि त्याला टाचणीनं वहीतलं परीक्षेचं पान जोडलं.

"यावर लिहा. बाण चूक. परीक्षा खोटी, उत्तरं आधी शिकवलेली होती. कुणी शिकवली तेही लिहा."

"मास्तरांचं नाव नको," पद्माकर म्हणाला. "ते वारले गेल्या वर्षी. आणि कागद मीच दिले होते."

"मग तुमचं लिहा."

त्यानं स्वच्छ अक्षरात 'पद्माकर' असं लिहिलं आणि पेनला टोपण लावलं. बाईंनी कागद जवळ ओढून वाचला.

"पूर्ण नाव," त्या म्हणाल्या. "वडिलांचं आणि आडनावसुद्धा."