शेवटच्या रिळाआधी उठलेले सासरे

आमच्या गल्लीतल्या न्हाव्याचा आवाज असा फाटका, की "पुढचे या" म्हटलं तरी गिऱ्हाईक दचकून मागे सरायचं. पण नाक! नाक थेट राजाचं. आणि मूकपटाला आवाज लागतो कुठे? स्टुडिओत ऋषींना दाढ्या चिकटवायला गेलेल्या या गड्याला, ठरलेला राजा रुसून गेल्यावर, दिग्दर्शकाने उचलून सिंहासनावर बसवलं. गोष्ट एका महाकवीच्या जुन्या नाटकातली. राजा वनात लग्न करतो, राजधानीत येऊन बायकोला साफ विसरतो, भर दरबारात "ही कोण?" म्हणतो आणि शेवटी आठवण येऊन तिच्या पाया पडतो.

न्हाव्याचं लग्न तेव्हा ठरत आलं होतं. त्याच्या आईने मोठ्या तोऱ्यात होणाऱ्या व्याह्यांना मुलीसकट पहिल्याच खेळाला बोलावलं. व्याही कुलपं बनवायचे. माणसांवर विश्वास ठेवणं त्यांच्या धंद्यात बसत नव्हतं.

थिएटरात यंत्र एकच. रीळ संपलं की दिवे लागायचे आणि दुसरं चढेपर्यंत लोक जांभया उरकून घ्यायचे. राजाने बायकोला हाकललं आणि नेमकं तिथेच रीळ संपलं. व्याही ताडकन उठले.

"चल गं. एकीला विसरला, तो तुला काय लक्षात ठेवणार?"

"अहो, ते नाटकातलं आहे!" आई कळवळली.

"मग 'ही कोण?' म्हणताना तोंडावर एवढी सफाई आली कुठून?"

बापलेक रस्त्यावर आले. मागून न्हावी धावला.

"काका, थांबा! पुढच्या रिळात मी पाया पडतो!"

"कुणाच्या?"

"तिच्याच!"

"पडून दाखव."

भर चौकात न्हावी मुलीपुढे गुडघ्यांवर बसला. भाजीवाली तराजू तसाच धरून बघत राहिली. पडद्यावर त्याने नुसते ओठ हलवायचे, महाकवीचे शब्द पाटीवर यायचे. इथे पाटी कुठली? शेवटी आपल्याच फाटक्या आवाजात तो म्हणाला, "चुकलं माझं. सगळ्यांसमोर चुकलं, म्हणून सगळ्यांसमोर सांगतो."

मुलगी वडिलांकडे वळली. "बाबा, असं आपल्या घरात कुठला पुरुष कधी बोललाय?"

कुलूपवाल्यांनी आजोबांपासून सगळी पुरुषमंडळी मनातल्या मनात चाळली.

"आठवत नाही," ते म्हणाले.

"मग मला हाच हवा." आणि न्हाव्याकडे बघत ती हळूच म्हणाली, "उठा आता. गुडघे सोलवटतील."