मुखपृष्ठावरचा चेहरा

कर्वेनगरात आमच्या इमारतीखाली छपाईचं दुकान आहे. फुटबॉलच्या व्हिडिओ गेमच्या मुखपृष्ठावर नामवंत खेळाडू असतो. त्याच्या जागी गिऱ्हाइकाचा चेहरा बसवून देणं ही तिथल्या दुकानदाराची खासियत. कॉलेजची मुलं वाढदिवसाची भेट म्हणून अशी मुखपृष्ठं करून घेतात. फोटो कापताना तो गळ्यापाशी क्षणभर थांबतो. प्रत्येकाला तो एकच विचारतो, "मैदानावर खेळतो का?" होकार आला की काम नाकारतो. मुखपृष्ठावर आलेला खेळाडू त्याच मोसमात जायबंदी होतो, असं गेम खेळणारे गमतीत म्हणतात. हा गमतीत म्हणत नाही.

परवा मी भाचीसाठी गेलो. दुसऱ्या दिवशी तिची फुटबॉलची निवड चाचणी आहे, हे बोलून गेलो.

"मग नाही छापत."

"अहो, ही अंधश्रद्धा आहे."

"असेल. पुढच्या दुकानात जा, ते असलं काही मानत नाहीत."

मी हसून मोबाइलमधला तिचा फोटो पुढे केला. त्याने तो मोठा करून पाहिला आणि खुर्चीत बसला.

"हिचं सकाळीच छापून दिलं. मैत्रिणी आल्या होत्या. म्हणाल्या, फक्त मोबाइलवर खेळते."

त्याचा प्रश्न मुलींना ठाऊक होता. उत्तर त्यांनी तयारच ठेवलं असणार.

"आत्ता कुठे आहे ती?"

"सरावाला."

"फोन लावा."

त्याची समजूत काढायला मी लावला. रिंग पूर्ण वाजून थांबली.

"परत लावा," तो म्हणाला.

या वेळी फोन लगेच उचलला गेला. आवाज भाचीचा नव्हता.