उन्हात ठेवलेले सेल

आज जुना टॉर्च उघडला आणि गळलेल्या सेलचा आंबट, गंजका वास आला. मोठ्या जाऊबाईंच्या रेडिओला हाच वास यायचा.

धनजच्या आमच्या भाजीच्या वाडीत भेंडी तोडताना त्या रेडिओ निंबाच्या फांदीला अडकवायच्या. गाणं लागलं की तोडणाऱ्या साऱ्या बाया त्यांच्याच ओळीत घुसायच्या, आणि मी माझ्या ओळीत एकटी. भेंडीच्या लवेनं बोटं खाजायची, पण त्याहून जास्त भाऊजींनी त्यांना आणून दिलेला तो रेडिओ मला खुपायचा. माझ्या नवऱ्यानं तर कधी टिकलीचं पाकीटही आणलं नव्हतं.

एका दुपारी गाणं रडक्या आवाजात ओढत ओढत बंद पडलं. मला बरं वाटलं. जाऊबाईंनी सेल काढून बांधावरच्या तापल्या दगडावर मांडले. ऊन खाल्लं की सेल अजून थोडे चालत.

मी म्हटलंच, "तुमची मजा हाये बाई. भाऊजीनं न मांगता रेडिओ देल्ला."

सेल उलटवत त्या म्हणाल्या, "तुहा नवरा दिवसभर तुह्यासंग बोलते, शोभा. माह्यावाला तोंडच उघडत नाही. म्हनून हा आनून देल्ला."

मला ते पटलं नाही. रेडिओवालीचे नखरे, असंच वाटलं.

आत्ता आमचे हे ओसरीत कानात वायरी घालून मोबाईल बघत बसलेत. चहा ठेवू का, म्हणून दोनदा विचारलं. मग ते गळके सेल उचलले आणि अंगणात उन्हात नेऊन ठेवले.