विजयमालेचा डावा गाल

मलकापूरच्या जोतीराम सुभेदारांची बायको विजयमाला लग्नकार्याला जाईनाशी झाली, दारात आलेल्या माणसाशी धड बोलेनाशी झाली, तेव्हा भावकीनं एकमतानं ठरवून टाकलं, की बाईला सुभेदारीणपणाची गुर्मी चढली. बांधाच्या भांडणात या भावकीचं कधी एकमत झालं नव्हतं, इथं मात्र चटकन झालं.

खरं एवढंच होतं, की विजयमालेला तोंड उघडायची धास्ती बसली होती. डाव्या गालात, नाकपुडीपासून जबड्यापर्यंत, विहिरीवरच्या मोटरीचा शॉक बसावा तशी कळ जायची. तोंडावर पाणी मारलं की कळ. भाकरीचा घास चावला की कळ. वाऱ्यानं पदर हलून गालाला लागला तरी कळ. क्षणभरच यायची, पण ती येऊन गेली की बाई भिंतीला धरून उभी राहायची आणि पुढची कधी येतेय याची वाट बघायची. दुखण्यापेक्षा या वाट बघण्यानंच ती जास्त दमली. बरं, वरून बघावं तर काही नाही. सूज नाही, लाली नाही, गाल आपला छान गोरापान. असलं दुखणं कुणाला दाखवायचं आणि काय म्हणून?

गालात दुखतंय म्हणजे दाढच, हे आपल्याकडं शेंबडं पोरही सांगेल. कऱ्हाडचा दाताचा डॉक्टर बिचारा सांगत होता, "मावशी, दाढ चांगली आहे, काढू नका." पण हिनं हट्टच धरला. "मला ठावं का तुमाला? काडा म्हंती तर काडा!" दाढ काढली. चार दिवस बरं वाटल्यासारखं झालं आणि पुन्हा पहिले पाढे पंचावन्न. मग तिच्या शेजारची काढायला लावली. दोन धडधाकट दाढा गेल्या आणि दुखणं होतं तिथंच राहिलं. त्या दाढांनी पुढं जो घोटाळा केला, त्यापुढं दुखणं परवडलं म्हणायची पाळी आली.

विजयमालेचं माहेर वाळवा तालुक्यातलं, हळदीचं. आई रंगूबाई ऐंशीच्या घरात, पण अजून हळद काढायला बायकांच्या पुढं. वर्षानुवर्षं मातीतनं गड्डे उपसून तिचे तळहात उलले होते आणि भेगांत पिवळं कायमचं मुरलं होतं. या रंगूबाईची एक रीत होती. लेक माहेरी आली की उंबऱ्यावर भाकरतुकडा ओवाळायचा, पायावर पाणी घालायचं आणि मग दोन्ही तळवे तिच्या गालांवरून फिरवून आपल्या कानशिलांवर कडाकडा बोटं मोडायची. बोटं जितकी वाजतील तितकी माया, असा हिशोब. लेक पन्नाशीला आली, सुनेची सासू झाली, तरी ही रीत चुकली नाही. विजयमाला वरवर म्हणायची, "आये, पुरं की, मी काय बारकी हाय व्हय?" पण माहेराला जायचं ते खरं त्या हातांसाठी.

माहेरच्या जत्रेला ती गेली तेव्हा दाढा काढून महिना झाला होता. अंगणात भावकी बसलेली. रंगूबाईनं भाकरतुकडा टाकला आणि कौतुकानं दोन्ही हात लेकीच्या तोंडावर ठेवले.

विजयमाला अशी काही किंचाळली, की दावणीची म्हैस उठून उभी राहिली. तिनं आईचा हात फाडकन झटकून टाकला. जाणूनबुजून नव्हे, विस्तवावरनं हात मागं यावा तसा तो झटका होता. पण सगळ्यांनी बघितला तो झटकाच.

"आये, दुखतंय गं," ती दातओठ दाबून म्हणाली.

"काय दुखतंय?" रंगूबाईनं विचारलं. "दाढा काडल्यास न्हवं? मग आता दुखाय काय उरलंय तितं?"

झालं! दाढ काढली की दुखणं मुळासकट गेलं, हा म्हातारीचा कायदा. त्या कायद्यानं लेक धडधडीत खोटं बोलत होती. रंगूबाई भांडली नाही, रडलीही नाही. आपले हात पदराखाली घेऊन आत गेली. मागाहून शेजारणीला एवढंच म्हणाली, "आमचं हात खरबडीत पडलं बाई. सुभेदारणीच्या गालाला रुतत्यात आता."

ते शब्द मलकापूरला पोचायला कितीसा वेळ लागतोय? विजयमालेनं भावाला, वीरधवलला, फोन केला, "आयेला दे जरा." फोनमधून तिला आईचा आवाज स्वच्छ ऐकू आला. "मी गोठ्यात हाय म्हणून सांग." पुढच्या खेपेलाही म्हातारी गोठ्यातच. त्यानंतर विजयमालेनं फोन केला नाही. बोलताना कळ येत होती हे खरंच, पण आता बोलायला जीवही उरला नव्हता.

शेवटी कुणीतरी सांगितलं म्हणून जोतीराम तिला सांगलीला, विश्रामबागेतल्या मेंदूच्या डॉक्टरांकडं घेऊन गेले. डॉक्टरांनी दाताकडं बघितलंसुद्धा नाही. कळ कशी येते, किती वेळ राहते, कशानं येते, एवढं विचारलं आणि म्हणाले, "हे दाताचं नव्हतंच कधी. चेहऱ्याची जी मोठी नस मेंदूतनं निघते, तिचं दुखणं आहे. ट्रायजेमिनल न्यूराल्जिया."

आपल्या दुखण्याला नाव आहे, हे ऐकून विजयमालेला इतकं बरं वाटलं, की ती तिथंच खुर्चीत रडायला लागली. रडण्यानं गाल हलला आणि कळ आली.

गोळ्या सुरू झाल्या. कळा कमी झाल्या, पण गोळीनं बाई दिवसभर पेंगायची, चालताना भेलकांडायची, डाळीत मीठ दोनदा घालायची. गोळी वाढवली तर पाय ठरेना, कमी केली तर गाल ठरेना. असं करत वर्ष गेलं. कवटी उघडून करायचं ऑपरेशन होतं, पण तिचं हृदय आधीपासूनच अशक्त, त्याला ते झेपणारं नव्हतं. मग डॉक्टरांनी किरणांचा उपाय सुचवला. पुण्याला मशीन होतं. गॅमा नाइफ त्याचं नाव, पण त्यात चाकू नाहीच. डोक्याला चौकट बसवायची, मशीनमध्ये निजवायचं आणि बारीक किरण नेमके त्या नसेच्या मुळावर सोडायचे.

"गुण लगेच येणार नाही," डॉक्टर म्हणाले. "काही आठवडे, कधी काही महिने लागतात. तोवर गोळ्या चालू. कुणाकुणाला वर्षांनी पुन्हा दुखतं. आणि एक आधीच सांगतो, त्या बाजूचा गाल बधिर होऊ शकतो. सगळ्यांचा होत नाही, पण होऊ शकतो. विचार करून सांगा."

"त्यात इचार कसला?" विजयमाला म्हणाली. "डाक्टर, मला चावाय न्हाई आलं तरी चालंल, मी पेज पिऊन ऱ्हाईन. पर तोंडाला कुणी हात लावला तर लावू देता आला पायजे. माझी आई ऐंशीची झाली वो."

डॉक्टरांना यातलं किती कळलं देव जाणे. त्यांनी मान हलवली.

पुण्यात कपाळाला आणि मागं डोक्याला बधिर करायची इंजेक्शनं दिली आणि स्क्रूनं चौकट पिळून बसवली. जोतीराम सीमेवर राहिलेला माणूस, पण ते बघून बाहेर जाऊन बसला. मशीनमध्ये तिला काहीच कळलं नाही, तासाभरात काम झालं आणि दुसऱ्या दिवशी घरी. बघायला आलेल्या बायकांची तर निराशाच झाली. टाका नाही, पट्टी नाही, मग ऑपरेशन कसलं? कुंकवाच्या दोन बाजूंना दोन काळे ठिपके तेवढे होते, स्क्रूचे.

जोतीरामांना पलटणीची सवय, हुकूम सुटला की तामिली झाली पाहिजे. रोज सकाळी चहाबरोबर विचारायचे, "गेलं का?"

"न्हाई."

"मग मशीननं केलं काय?"

"आवं, ते काय तुमच्या पलटणीत हाय व्हय?" ती म्हणायची. बोलल्याबरोबर कळ यायची आणि चहा तसाच निवायचा. दीड महिना हेच चाललं. तिची उमेद पार खचली होती. रात्री निजताना ती देवाला काही मागेनाशी झाली होती.

आणि मग एका सकाळी तोंडावर पाणी मारून ती टॉवेल शोधायला वळली, तेव्हा ध्यानात आलं, की आपण पाणी मारलं. गालावर मारलं. ती तशीच निथळत उभी राहिली. पुन्हा मारलं. काही नाही. जोतीरामांनी विचारायच्या आधीच ती म्हणाली, "गेलं वाटतं." मोठ्यानं बोलायचं धाडस मात्र झालं नाही.

त्याच आठवड्यात वीरधवल येऊन गेला. घरी जाऊन त्यानं आईला आपल्या पद्धतीनं सांगितलं, "आये, मालीच्या कपाळात स्क्रू पिळलं व्हतं. डाग हायती अजून."

हळद शिजायला पडली होती, कढई तापलेली होती. म्हातारीनं ती सुनेवर टाकली आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं मलकापुरात हजर.

ती विजयमालेसमोर उभी राहिली, आधी नुसतं कपाळ बघितलं. ते दोन ठिपके. न दिसणाऱ्या दुखण्यावर तिचा विश्वास नव्हता, पण खिळ्याची खूण तिला वाचता येत होती.

"खरंच दुखत हुतं व्हय गं तुला?" ती म्हणाली. "आणि मी काय काय बोलली, माझ्या तोंडात माती पडू दे."

तिचे हात सवयीनं वर आले, निम्म्यात थांबले आणि परत पदराकडं वळले. विजयमालेनं ते पकडले. डाव्या गालावर आईचा तळवा तिनं स्वतः ठेवला आणि वर आपला हात दाबून धरला.

कळ आली नाही. विजयमालेनं वाट बघितली. काहीच आलं नाही. ऊब नाही, भेगा नाहीत. जाड गोधडीवरनं कुणी हात ठेवावा तसा नुसता भार. ज्या हातासाठी एवढं केलं, तो हात गालावर होता आणि गालाला त्याचा पत्ता नव्हता. विजयमालेच्या डोळ्यांतनं घळाघळा पाणी वाहू लागलं. डाव्या गालावरचं तर तिला कळलंही नाही.

"दुखतंय?" म्हातारीनं हात ओढून घेतला.

"न्हाई गं आये. काईच होत न्हाई. त्या अंगाला काई कळतच न्हाई आता."

 "मग ह्या अंगाला?" असं म्हणून रंगूबाईनं दुसरा हात लेकीच्या उजव्या गालावर ठेवला आणि हळूच खाली फिरवला. उललेला, कडक, हळदीचा उग्र वास येणारा हात.

"रुततंय का गं?" तिनं भीत भीत विचारलं.

"रुततंय," विजयमाला म्हणाली. "अजून फिरीव."