दादाच्या मशीनवरचा अर्धा डाव

किस्से कोणी मुद्दाम साठवत नाही. कॉम्प्युटरच्या पंख्यावर धूळ बसते तसे ते बसत जातात. बाहेरून डबा चकाचक, आणि झाकण काढलं की आत गोधडी! आमच्या टोळक्यात तर अकलेचा कायमचा दुष्काळ, त्यामुळे किस्स्यांचं पीक बारमाही.

टोळकं म्हणजे माझा थोरला भाऊ सुधीरदादा, त्याचे तीन दोस्त आणि मी, डॅनियल. जागा म्हणजे देवळालीतला दादाचा कॉम्प्युटर क्लास. आठवडाभर तिथं पोरं टायपिंग शिकायची. रविवारी चर्चमधली उपासना झाली की दादा शटर अर्धं खाली ओढायचा आणि आम्ही पाच जण पाच मशीनवर बसून एकमेकांची राज्यं बुडवायचो. गेम जुना. आपल्याला एक गाव मिळतं, थोडी माणसं मिळतात. लाकूड तोडायचं, शेती करायची, शिपाई तयार करायचे आणि दुसऱ्याच्या गावावर घालायचे. इंटरनेटची गरज नाही, मशीन वायरीनं एकमेकांना जोडलेली. दादा त्याच्या मशीनवर डाव मांडायचा, आम्ही आपापल्या मशीनवरून त्यात शिरायचो.

दादा यंदाच्या गळीत हंगामात गेला. उसाच्या ट्रॉलीला मागं दिवा नव्हता. दादाच्या मोटरसायकलला होता. त्याचा काय उपयोग?

त्याच्या मशीनमध्ये आमचा एक डाव अर्धा राहिला. पप्पांनी क्लास बंद करायचं ठरवलं. सोमवारी संगमनेरचा एक माणूस टेम्पो घेऊन येणार, मशीन नेणार आणि आतलं सगळं पुसून टाकणार. म्हणजे त्याच्या आदल्या रविवारी डाव संपवायचा, नाहीतर कधीच नाही. संपला का, ते सांगतोच. पण आधी ही माणसं काय लायकीची आहेत ते कळू द्या. समोर मी त्यांना भाऊ, भाई म्हणतो. इथं म्हणणार नाही.

* * *

पहिले मास्तर. गणित शिकवतात. मला नववीत त्यांनीच नापास केलं, त्यामुळे मी त्यांच्या हुशारीबद्दल काही बोललो की लोक म्हणतात, याची खुन्नस आहे. आहेच!

मास्तर पहिल्यांदा खेळायला आले तेव्हा दादानं त्यांना नीट सांगितलं, "मास्तर, स्क्रीनवर माझं नाव दिसंल. त्यावर दाबा, की तुम्ही आमच्या डावात आलात."

"मला शिकवू नकोस सुधीर. मी ट्रेनिंग घेतलंय."

डाव सुरू झाला. थोड्याच वेळात मास्तर पेटले. "पप्या, मागून येतोस व्हय? थांब! पप्या, लाज वाटू दे जरा! माझ्या शेतात घोडे घातलेस?"

आम्ही आपले खेळतोय. मास्तर घामाघूम. शेवटी ते मोठा श्वास सोडून उठले, "हरलो. पण पप्या खेळला बरं का!" असं म्हणून हात मिळवायला वळले.

पप्याची खुर्ची रिकामी. तो मघाशीच भेळ आणायला गेला होता! मास्तरांनी दादाच्या नावाऐवजी भलतंच बटण दाबलं होतं आणि इतका वेळ ते एकटेच वेगळ्या डावात मशीनबरोबर लढत होते.

तेवढ्यात पप्या पुडे घेऊन शटरखालून वाकून आत आला. मास्तरांचा हात अजून पुढेच. पप्यानं त्या हातात भेळ ठेवली.

* * *

पप्या दूध संकलन केंद्रावर फॅट काढतो. दिवसभर लोकांच्या दुधावर संशय घेऊन घेऊन त्याचा स्वभावच तसा झालाय. गेममध्ये तो कुणावर हल्ला करत नाही. फक्त भिंती बांधतो. एक भिंत, तिच्याबाहेर दुसरी, तिच्याबाहेर तिसरी.

एकदा दुपारभर तो गप्प होता. मग हळूच म्हणाला, "सुध्या, माझी माणसं लाकडं आणायला बाहीरच जाईनात."

दादा उठून त्याच्या स्क्रीनजवळ गेला, पाहिलं, आणि तिथंच खाली बसून हसायला लागला. "आरं पप्या, दार कुठंय?"

दार ठेवायचं राहिलं होतं! तिन्ही भिंतींना!

"हे गाव न्हाई लेका, तुरुंग हाय."

आतलं लाकूड संपलेलं, त्यामुळे काही करता येईना. शेवटी पप्यानं शत्रूलाच हाक मारली. "शकील, तेवढी भिंत फोडून दे की रं."

शकीलनं तोफा आणल्या. भिंत फोडली. दुसरी फोडली. तिसरी फोडली. पप्या म्हणाला, "बास, बास! झालं काम."

शकील म्हणाला, "आता आलोच हाय तर चहा घेऊन जातो." आणि पप्याचं सगळं गाव पेटवून दिलं.

* * *

हा शकील. क्लासच्या शेजारीच त्याचं वेल्डिंगचं दुकान, गेट आणि खिडक्यांच्या जाळ्या बनवतो. गेममध्ये दोस्ती करून पाठीत वार करणं हा त्याचा धंदा. मास्तर चिडले की म्हणायचा, "दोस्ती पायजे तर ईदला घरी या. शीरखुर्मा देतो. हितं न्हाई."

त्याची अजून एक खोड होती. हरायला लागला की त्याला तहान लागायची. "पाणी पिऊन येतो" म्हणून जायचा, आणि त्यानंतर लगेच आमची सगळी मशीन बंद पडायची! लाईट मिणमिणायची, पंखा रखडायचा आणि डाव खलास. आम्ही वीजवाल्यांच्या सात पिढ्या उद्धारायचो.

एकदा दादा त्याच्यामागं हळूच गेला. पाहतो तर हा पठ्ठ्या दुकानात मोठं वेल्डिंग मशीन चालू करून रिकाम्या लोखंडी पट्टीवर ठिणग्या उडवतोय! व्होल्टेज पडलं की आमची मशीन मेलीच.

दादानं स्वतःच्या कॉम्प्युटरला बॅटरी बसवली. पुढच्या रविवारी शकीलला तहान लागली, लाईट मिणमिणली, आमचे चार स्क्रीन काळे झाले. दादाचा एकटा चालू. बॅटरी टूं टूं करत होती. दादा भिंतीपलीकडे ओरडला, "कर रं शकील, निवांत वेल्डिंग कर. सेव्ह केलंय!"

तेव्हापासून ते त्याचं ब्रीदवाक्यच झालं. सेव्ह केलंय.

तो शेवटचा डावही असाच राहिला. मी हरत होतो, शकील माझ्याहून जास्त हरत होता, आणि लाईट गेली. शकील जागेवरच बसलेला. "अल्लाकसम, मी न्हाई! खरंच गेली!"

कुणी विश्वास ठेवला नाही. दादा म्हणाला, "जाऊ दे. सेव्ह केलंय. पुढच्या रविवारी."

* * *

मी कसा खेळतो ते पण सांगतो, नाहीतर म्हणाल स्वतःला सोडून सगळ्यांना धुतो. मला थांबता येत नाही. चार शिपाई तयार झाले की मी निघालोच. शेती वगैरे करत बसायला वेळ कुणाला आहे? त्यामुळे डाव रंगात येईपर्यंत माझे शिपाई मेलेले आणि धान्य शून्य.

पण दादा कायम माझ्या बाजूनं. चिठ्ठ्या कशाही पडोत, तो मला त्याच्याच बाजूला घ्यायचा. माझं धान्य शून्यावर आलं की तो आकडा आपोआप वर चढायला लागायचा. गेममध्ये दुसऱ्याला धान्य धाडता येतं. दादा त्याच्या कोठारातून धाडायचा. मी लगेच नवे शिपाई करायचो आणि परत मारायला पाठवायचो.

शकील भडकायचा. "सुध्या, हा काय गेम हाय का घरगुती जेवण? हरू दे की त्याला एकदा!"

दादा मान वर न करता म्हणायचा, "जेवू दे. वाढतं अंग हाय."

तेव्हा माझं वय चोवीस!

* * *

दादाला माती दिली त्या दिवशी इतका मूर्खपणा ऐकला की वेगळं पुस्तक होईल.

एक लांबचे काका आले. चांगले सत्तरीच्या पुढचे. माझ्या खांद्यावर हात टाकून म्हणाले, "बाळा, चांगली माणसं देवाला लवकर हवी असतात."

मी म्हणालो, "मग तुम्ही निवांत राहा काका. तुम्हाला लई टाईम हाय."

पप्पांनी मला दंडाला धरून बाजूला नेलं. पाळकसाहेबांना एकदम खोकला आला, आणि तो बराच वेळ थांबेना.

मास्तरांनी भाषण केलं. सुधीर म्हणजे दीपस्तंभ होता म्हणाले. देवळालीत समुद्र कुठंय?

पप्या एका भिंतीला टेकून उभा होता. तो भिंत सोडणार थोडाच!

आणि शकील. सगळे निघाल्यावर तो माझ्याजवळ आला. डोळे लाल. मला वाटलं आता हा तरी काहीतरी माणसासारखं बोलेल. तो हळू आवाजात म्हणाला, "डॅन्या, त्या दिवशीची लाईट खरंच मी न्हाई घालवली रं."

याला हेच सुचलं! भाऊ मातीत गेलाय माझा, आणि याचं काय तर लाईट!

* * *

तो रविवार आला. शकील त्याच्या दुकानाचं मेन स्विच बंद करून आला आणि ते सगळ्यांना दोनदा सांगितलं. पप्यानं भेळ आणली. पाच पुडे. पाचवा बघून त्यानं तो घाईनं पिशवीत परत कोंबला.

दादाच्या मशीनवर अर्धा डाव उघडायचा होता. शकीलनं उभ्यानंच उघडला, खुर्चीला हात न लावता. आम्ही चौघं आपापल्या मशीनवरून आत शिरलो. तयार म्हणून बटण दाबलं. पण डाव सुरू होईना. स्क्रीनवर इंग्रजीत एक ओळ आली आणि मास्तरांनी वर्गातल्या सवयीनं मोठ्यानं अर्थ सांगितला.

"सुधीरची वाट पाहत आहे."



मग पप्या म्हणाला, "कुनाला तरी बसवावं लागंल तिथं. माझ्या चुलतभावाला बोलावू का?"

मी माऊस आपटला. "त्या खुर्चीत कोण बसला तर तंगडं तोडीन."

"मग मी उभ्यानं बटण दाबतो," पप्या म्हणाला. "त्याचं राज्य राहू दे तसंच."

शकील म्हणाला, "तसंच म्हंजे? बिनधन्याच्या गावावर मी हल्ला करणार न्हाई." हे शकील म्हणाला! ज्यानं पाठ दिसेल तिथं सुरा खुपसला, तो शकील!

"म्हणजे आता संपवायचाच न्हाई का?" मी ओरडलो. "उद्या टेम्पो येतोय! तुमच्यानं एक डाव धड खेळवत न्हाई, तुम्ही कसले दोस्त रे?"

तेवढ्यात आई शटरखालून वाकून चहा घेऊन आली. कप वाटले. तिचे गुडघे दुखतात. तिनं इकडंतिकडं बघितलं, एकच खुर्ची रिकामी होती, त्यात बसली.

आता आईचं तंगडं कोण तोडणार?

आई म्हणाली, "का थांबलात? खेळा की."

मास्तर उठले. "काकू, ते समोरचं बटण तेवढं दाबता का? हं, माऊस असा धरा."

आईनं दाबलं. डाव सुरू झाला. दादाचं गाव जसंच्या तसं होतं. शेतं नांगरलेली, कोठारं भरलेली.

आईनं चष्मा पुसला. "ही मानसं नुसती उभी का?"

"काम सांगितल्याबिगर हालत न्हाईत, काकू," शकील म्हणाला.

"डॅनियलसारखीच." मग ती माझ्या स्क्रीनकडे वळली. "तुझं हे शून्य कसलं लागलंय?"

"धान्य संपलंय."

"आन् सुधीरचं?"

"त्याचं भरलंय. ते धाडता येतं, काकू," पप्या म्हणाला. त्यानं बोटानं जागा दाखवली. आई दाबत गेली. माझा आकडा चढायला लागला. चढतच राहिला.

"आई, थांब! सगळं नको. त्याला ठेव थोडं."

"त्याला आता काय करायचंय?" आई म्हणाली, आणि दाबत राहिली. दादाचं कोठार शून्यावर येईपर्यंत.

मग मी काय केलं असेल? जे कायम करतो तेच. त्या सगळ्या धान्याचे शिपाई केले आणि विचार न करता पप्याच्या भिंतीवर घातले. पप्यानं नेहमीप्रमाणे भिंतीवरून बाण सोडले. डाव म्हणजे डाव. बघता बघता एकूण एक मेले. गाढव ते गाढवच.

"संपलं?" आईनं विचारलं.

"संपलं."

दादाचं शून्य. माझं शून्य. मी माऊस सोडला आणि हात मांडीवर ठेवून बसलो.

तेव्हा माझा आकडा हलला. वर चढला. स्क्रीनवर नाव आलं, पप्याचं. मी वळून पाहिलं तर तो चहाच्या कपात बघत होता. मग अजून चढला. मास्तरांचं नाव. मग एकदम मोठी उडी. शकील.

मास्तर गोंधळले. "अहो, पण आपण शत्रू ना याचे? असं धाडत बसलो तर डाव संपायचा कधी?"

"तुमाला कुठं जायचंय?" शकील मान वर न करता म्हणाला. "डॅन्या, बघतो काय? जेव!"